हिरव्या कल्ल्यांची विषारी अळिंबी : वारुळाच्या अळंबीपासून वेगळी कशी ओळखाल?

पहिले दोन-तीन चांगले पाऊस झाले की बांधावर, शेणखताच्या ढिगाजवळ, गायरानात आणि घरासमोरच्या हिरवळीवर पांढऱ्या छत्र्या दिसू लागतात. कोकणात त्यांना अळंबी म्हणतात, गोव्यात अळमी, विदर्भात सात्या किंवा टेकोडे. मुलांच्या तोंडी तर सगळ्यांना एकच नाव, कुत्र्याची छत्री. यातील काही खाण्यायोग्य असतात आणि चवीला उत्तम असतात. काही विषारी असतात. अडचण ही की त्यातली एक विषारी जात वरून पाहता खाण्याच्या अळंबीसारखीच दिसते आणि नेमकी आपल्या घराजवळच उगवते.

या जातीचे शास्त्रीय नाव क्लोरोफायलम मॉलिब्डाइटिस. मराठीत तिला सर्वमान्य नाव नाही. छत्रीखालचे कल्ले पक्व झाल्यावर हिरवट होतात, म्हणून या लेखात तिला 'हिरव्या कल्ल्यांची अळिंबी' म्हटले आहे.

काही वर्षांपूर्वी जुलैमध्ये एका ओळखीच्या शेतकऱ्याने मला फोटो पाठवला. "साहेब, उकिरड्याशेजारी अळंबी आलीय, चांगली दोन किलो भरेल. करू का भाजी?" फोटो वरून काढलेला होता. मोठी पांढरी छत्री, मध्यभागी तपकिरी ठिपका. मी खालच्या बाजूचा फोटो मागवला. कल्ले पांढरेशुभ्र होते. खरे सांगायचे तर, तेवढ्यावर मीही 'हरकत नाही' म्हणण्याच्या बेतात होतो. पण उकिरड्याची जागा खटकली, म्हणून भाजी थांबवायला सांगितले आणि एक छत्री रात्रभर कागदावर पालथी ठेवायला लावली. सकाळी कागदावर मळकट हिरवा ठसा उमटला होता. कोवळ्या अवस्थेत ही अळिंबी जाणत्यालाही फसवते. म्हणून केवळ रंग किंवा फोटो पाहून निर्णय घेऊ नका.

ही अळिंबी कुठे आणि कधी उगवते?

ही कुजणाऱ्या सेंद्रिय पदार्थांवर जगणारी बुरशी आहे. तिचे तंतू वर्षभर जमिनीत असतात. ओल आणि उष्णता एकत्र मिळाली की एक-दोन दिवसांत छत्र्या वर येतात. पुढील ठिकाणी ती हमखास आढळते :

- हिरवळ, बागा, शाळेचे मैदान, सोसायटीचे लॉन
- गायरान, कुरण, गोठ्याच्या आसपासची जागा
- शेणखत किंवा कंपोस्ट भरपूर टाकलेल्या फळबागा, बांध, परसबाग

पावसाळा हा तिचा मुख्य हंगाम. मात्र पाणी दिलेल्या हिरवळीवर ती इतर वेळीही उगवू शकते. कधी एकटी-दुकटी, तर बरेचदा गोल कड्यात उगवते. जमिनीतले तंतू मध्यापासून बाहेरच्या दिशेने वाढत जातात आणि छत्र्या त्यांच्या कडेला येतात, म्हणून असे वर्तुळ तयार होते.

जगातल्या बहुतेक उष्ण आणि समशीतोष्ण प्रदेशांत ही जात आढळते. भारतातही ती सर्वत्र दिसते. जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ मेयर यांनी १८१८ मध्ये तिचे पहिले शास्त्रीय वर्णन केले.

ओळखीच्या खुणा

एका खुणेवरून निष्कर्ष काढू नका. सर्व खुणा एकत्र पाहा.

१. छत्री : कोवळी असताना अंड्यासारखी किंवा चेंडूसारखी गोल असते. नंतर घुमटासारखी होते आणि शेवटी जवळजवळ सपाट पसरते. रुंदी साधारण १० ते ३० सेंमी, म्हणजे मोठी छत्री भाकरीएवढी भरते. रंग पांढरा ते मळकट पांढरा असतो.

२. खवले : छत्रीच्या मध्यभागी फिकट तपकिरी रंगाचा सलग ठिपका असतो. कडेकडे जाताना तो फुटून विखुरलेल्या खवल्यांसारखा दिसतो. जोरदार पावसात हे खवले धुऊन जातात, त्यामुळे खवले नसले तरी ही जात नाही असे समजू नका.

३. कल्ले : छत्रीच्या खालच्या बाजूला वहीच्या पानांसारख्या पातळ पट्ट्या असतात, त्यांना कल्ले म्हणतात. ते दाट असतात आणि दांड्याला चिकटलेले नसतात. सुरुवातीला पांढरे, छत्री पूर्ण उघडून जुनी होऊ लागली की करडे-हिरवे होतात. हा बदल व्हायला वेळ लागतो. नुकत्याच उघडलेल्या छत्रीचे कल्ले पांढरेच दिसतात आणि लोक नेमकी तीच कोवळी अळिंबी भाजीसाठी तोडतात. बहुतेक चुका इथेच होतात.

४. दांडा : उंच, गुळगुळीत, पांढरा ते फिकट तपकिरी, बुडाशी थोडा फुगीर. हा फुगीर भाग जमिनीत उथळच असतो. खाली मुळासारखा लांब भाग नसतो.

५. कडे : दांड्याच्या वरच्या भागात जाडसर कडे असते. ते बरेचदा सुटे होते आणि बोटांनी अलगद वर-खाली सरकते.

६. कापल्यावर : दांड्याचा किंवा छत्रीचा आतला गर पांढरा असतो. कापल्यावर थोड्या वेळाने त्यावर लालसर किंवा तपकिरी झाक येते. ही झाक कधी स्पष्ट दिसते, कधी फारशी दिसत नाही.

७. बीजाणूंचा ठसा : हिरवट. ही सर्वांत भरवशाची खूण आहे. छत्रीच्या अळिंब्यांमध्ये हिरवा ठसा देणाऱ्या जाती फारच थोड्या आहेत.

बीजाणूंचा ठसा कसा घ्यावा?

यासाठी कुठलेही महागडे साहित्य लागत नाही.

- पूर्ण उघडलेली, पण न सडलेली एक छत्री घ्या. दांडा छत्रीलगत कापून टाका.
- अर्धा पांढरा आणि अर्धा काळा असे कागद शेजारी-शेजारी ठेवा. फिकट ठसा काळ्या कागदावर दिसतो, गडद ठसा पांढऱ्यावर.
- छत्री कल्ल्यांची बाजू खाली करून दोन्ही कागदांवर येईल अशी ठेवा. वरून एखादे जुने भांडे पालथे घाला, म्हणजे वारा लागणार नाही. हे भांडे नंतर स्वयंपाकात वापरू नका.
- मुलांच्या आणि पाळीव प्राण्यांच्या हाताबाहेर रात्रभर तसेच राहू द्या.
- सकाळी छत्री अलगद उचला. कागदावर कल्ल्यांच्या रेषांचा बारीक भुकटीचा ठसा दिसेल. रंग दिवसाच्या उजेडात पाहा. ठसा ताजा असतानाच पाहा, कारण जुना झाल्यावर हिरवेपणा फिका पडतो.

ठशाचा अर्थ लावताना एक गोष्ट पक्की ध्यानात ठेवा. ठसा हिरवा आला तर अळिंबी विषारी समजून फेकून द्या. मात्र ठसा हिरवा नाही म्हणून ती खाण्यायोग्य ठरत नाही. जगातील सर्वांत घातक अमानिता गटातील अळिंब्यांचा ठसा पांढरा असतो. ठसा उमटलाच नाही, तर छत्री फार कोवळी किंवा फार जुनी असू शकते. अशा वेळी काहीच सिद्ध होत नाही.

वारुळाच्या अळंबीशी तुलना

महाराष्ट्रात आणि गोव्यात सर्वाधिक आवडीने खाल्ली जाणारी रानातली अळंबी टर्मिटोमायसिस गटातली आहे. वाळवी आपल्या वारुळात या बुरशीची अक्षरशः शेती करते. वाळवीने चावून रचलेल्या वनस्पतींच्या अवशेषांवर ही बुरशी वाढते आणि पावसाळ्यात तिच्या छत्र्या जमिनीवर येतात. म्हणूनच गोव्यात तिला वारुळाच्या नावाने ओळखतात आणि हंगामात ती पानांवर मांडून चढ्या भावाने विकली जाते.

दोन्हींतील फरक असे :

- जागा : टर्मिटोमायसिस वारुळावर किंवा जमिनीखालच्या वाळवीच्या घरट्यावर उगवते. हिरव्या कल्ल्यांच्या अळिंबीचा वाळवीशी संबंध नाही. पण वारुळाशेजारी शेण किंवा पालापाचोळा असेल तर तीही तिथे उगवू शकते. 'वारुळाजवळ मिळाली' एवढे पुरेसे नाही.
- मूळ : टर्मिटोमायसिसचा दांडा जमिनीखाली निमुळता होत लांबवर जातो आणि वाळवीच्या घरट्याला जोडलेला असतो. छत्री उपटली की हा भाग तुटून खाली राहतो आणि ओळखीची सर्वांत महत्त्वाची खूण हरवते. म्हणून उपटू नका, कुदळीने किंवा खुरप्याने बाजूने उकरून पाहा.
- छत्रीचे टोक : टर्मिटोमायसिसच्या छत्रीच्या मध्यभागी बरेचदा टणक, उंचावलेले टोक असते. माती फोडून वर येण्यासाठी त्याचा उपयोग होतो. हिरव्या कल्ल्यांच्या अळिंबीत असे टणक टोक नसते, तपकिरी ठिपका असतो.
- कल्ले आणि ठसा : टर्मिटोमायसिसचे कल्ले पांढरे ते फिकट गुलाबी आणि ठसाही फिकट गुलाबीसर असतो.
- कडे : केवळ कड्यावरून फरक करू नका. टर्मिटोमायसिसच्या काही जातींनाही दांड्यावर कडे असते.

टर्मिटोमायसिसची एक लहान जात शेकड्यांनी गालिचासारखी उगवते. तिला लांब मूळ नसते. आकाराने ती खूपच लहान असल्याने या विषारी जातीशी तिची गल्लत सहसा होत नाही, मात्र इतर लहान रानटी अळिंब्यांशी होऊ शकते.

कुरणात उगवणारी आणखी एक खाण्यायोग्य अळिंबी बाजारातल्या बटण अळिंबीची जवळची नातेवाईक आहे. तिचे कल्ले कोवळेपणी गुलाबी आणि पुढे चॉकलेटसारखे तपकिरी होतात. ठसाही गडद तपकिरी असतो. तिचे कल्ले कधीच हिरवे होत नाहीत.

जाणकारही का चुकतात?

रानात वाढलेल्या माणसांना आपल्या डोंगरावरची अळंबी अचूक ओळखता येते. त्यांचे ज्ञान पिढ्यान्‌पिढ्यांचे आहे आणि ते खरे आहे. पण ते ज्ञान त्या डोंगराचे, त्या वारुळांचे असते. तोच माणूस शहरात आला, सोसायटीच्या हिरवळीवर तशीच पांढरी छत्री पाहिली आणि गावाकडच्या सवयीने तोडली, की चूक होते. जागा बदलली की ओळख नव्याने तपासावी लागते.

दुसरी चूक टोपलीत होते. वीस चांगल्या छत्र्यांत एक विषारी आली तरी सगळी भाजी बिघडते. म्हणून गोळा करताना प्रत्येक छत्री वेगळी तपासावी. घरातील लहान मुलांनी आणलेली अळंबी न तपासता मिसळू नये.

या 'परीक्षा' विसरा

- चांदीचा चमचा किंवा नाणे काळे पडते : अळिंबीतील विषांचा आणि चांदी काळी पडण्याचा काहीही संबंध नाही.
- लसूण, कांदा किंवा तांदूळ रंग बदलतो : विषारी अळिंबीसोबतही रंग तसाच राहू शकतो.
- किडे-गोगलगायींनी खाल्ली म्हणजे चालते : त्यांचे शरीर वेगळे आहे. माणसाला मारक असलेली अळिंबीही गोगलगाय खाऊ शकते.
- वास आणि चव चांगली आहे : या जातीला वाईट वास किंवा कडू चव नसते. लोक चवीने खातात आणि नंतर आजारी पडतात.
- उकळून पाणी फेकले की विष जाते : याची खात्री देता येत नाही. अमानिता गटातील घातक विष तर शिजवल्याने, वाळवल्याने नष्ट होतच नाही.
- शेजाऱ्याने खाल्ली, त्याला काही झाले नाही : या जातीचा त्रास प्रत्येकाला सारखा होत नाही. किती खाल्ली, किती शिजवली, वय आणि प्रकृती यावर तो ठरतो. एकाला काही झाले नाही म्हणून दुसरा सुरक्षित नाही.

खाल्ल्यास काय होते?

त्रास साधारण १ ते ३ तासांत सुरू होतो, कधी त्याआधीही. मळमळ, वारंवार उलट्या, पोटात जोराच्या कळा, पातळ जुलाब, घाम येणे, गळून जाणे ही मुख्य लक्षणे आहेत. तीव्र विषबाधेत जुलाबातून रक्त जाऊ शकते. जपानमधील संशोधकांनी २०१२ मध्ये या अळिंबीतून एक विषारी प्रथिन वेगळे केल्याचे प्रसिद्ध केले.

बहुतेक रुग्ण योग्य उपचारांनी एक ते तीन दिवसांत बरे होतात. मृत्यू क्वचित होतात. पण लहान मुले, वृद्ध, गरोदर स्त्रिया आणि मधुमेह किंवा मूत्रपिंडाचे विकार असलेल्यांना शरीरातील पाणी कमी झाल्याने गंभीर धोका असतो. मूल अंगणात खेळताना कच्ची छत्री चावते तेव्हा त्रास अधिक होऊ शकतो.

उशिरा सुरू होणारा त्रास अधिक धोक्याचा

हा भाग घरातल्या सर्वांना वाचून दाखवा. अळिंबी खाल्ल्यावर त्रास ६ तासांनंतर, म्हणजे रात्री खाल्ली आणि पहाटे किंवा सकाळी सुरू झाला, तर ती अमानितासारख्या घातक गटातील असण्याची शक्यता असते. त्यात उलट्या-जुलाब एक-दोन दिवसांनी थांबतात, रुग्णाला बरे वाटते, घरचे निश्चिंत होतात आणि त्याच काळात यकृत निकामी होत असते. एप्रिल २०२२ मध्ये आसाममध्ये चहामळ्यांच्या भागात रानटी अळिंबी खाऊन दहाहून अधिक जणांचा मृत्यू झाला होता.

त्रास लवकर सुरू झाला म्हणजे धोका टळला, असेही नाही. भाजीत दोन प्रकारच्या अळिंब्या मिसळलेल्या असू शकतात. त्रास कधीही सुरू झाला तरी डॉक्टरांकडे जाणे आवश्यकच आहे.

विषबाधा झाल्यास काय करावे?

१. लक्षणांची वाट न पाहता किंवा ती दिसताच जवळच्या सरकारी अथवा मोठ्या रुग्णालयात जा. रुग्णवाहिकेसाठी १०८ क्रमांकावर फोन करा.

२. खाल्ल्याची वेळ आणि त्रास सुरू झाल्याची वेळ लिहून घ्या. डॉक्टरांसाठी ही सर्वांत उपयोगी माहिती आहे.

३. उरलेली अळिंबी, सोललेला कचरा किंवा भाजी सोबत न्या. कच्ची छत्री कागदी पिशवीत ठेवा, प्लास्टिकमध्ये ती लवकर सडते. जिथून तोडली तिथली एखादी छत्री मुळासकट उकरून आणता आली तर उत्तम.

४. रुग्ण शुद्धीवर असेल आणि पाणी पोटात राहत असेल, तर जलसंजीवनी (ओआरएस) घोट-घोट द्या.

५. मिठाचे पाणी पाजून किंवा घशात बोट घालून उलटी करवू नका. जुलाब थांबवणाऱ्या गोळ्या स्वतःच्या मनाने देऊ नका. ताक, तूप, लिंबू अशा घरगुती उपायांत वेळ घालवू नका.

६. तीच भाजी खाल्लेल्या सर्वांना तपासून घ्या, त्रास नसला तरी.

नवी दिल्लीच्या एम्समधील राष्ट्रीय विष माहिती केंद्र चोवीस तास सल्ला देते. उपचार करणारे डॉक्टर तिथे संपर्क साधू शकतात.

शेतात, अंगणात उगवली तर?

ही अळिंबी पिकावर रोग आणत नाही. उलट, ती सेंद्रिय पदार्थ कुजवण्याचे काम करते. तिच्यासाठी बुरशीनाशक फवारण्याची गरज नाही आणि जमिनीतल्या तंतूंवर त्याचा फारसा उपयोगही होत नाही. केवळ हात लावल्याने विषबाधा होत नाही, तरी नंतर हात साबणाने धुवावेत.

लहान मुले किंवा पाळीव कुत्री वावरत असतील अशा जागी मात्र छत्र्या दिसताच खुरप्याने काढून खोल खड्ड्यात पुराव्यात. कुत्र्यांनाही या अळिंबीची विषबाधा होते. पावसाळ्यात शाळेच्या मैदानाची आठवड्यातून दोनदा पाहणी केलेली चांगली. हिरवळीत न कुजलेले शेणखत आणि लाकडाचे तुकडे साचू देऊ नका, पाण्याचा निचरा ठेवा.

खायचीच असेल तर

बाजारातून रानातली अळंबी घेताना ओळखीच्या, अनुभवी विक्रेत्याकडूनच घ्या आणि दांड्यासह, मूळ दिसेल अशी घ्या. दांडे छाटलेल्या सुट्या छत्र्या घेऊ नका. फोटो पाहून किंवा मोबाइलवरील ॲपच्या भरवशावर खाण्याचा निर्णय घेऊ नका. मलाही कोणी केवळ फोटो पाठवला तर मी 'खा' असे सांगत नाही.

सुरक्षित पर्याय म्हणून धिंगरी अळिंबी घरीच घेता येते. भाताचा पेंढा किंवा गव्हाचा भुसा निर्जंतुक करून खात्रीचे बियाणे वापरले, तर एका लहान खोलीतही उत्पादन निघते. पुण्याच्या कृषी महाविद्यालयातील अखिल भारतीय समन्वित अळिंबी संशोधन प्रकल्प, राज्यातील कृषी विद्यापीठे आणि जवळची कृषी विज्ञान केंद्रे येथे याबाबत चौकशी करावी. घरच्या बेडवरही लावलेल्या जातीपेक्षा वेगळी दिसणारी छत्री आली तर ती काढून टाका, भाजीत घालू नका.

थोडक्यात लक्षात ठेवा

- उकिरडा, हिरवळ, गायरान येथील मोठी पांढरी छत्री संशयितच समजा.
- कोवळे पांढरे कल्ले म्हणजे सुरक्षितता नव्हे.
- उपटू नका, उकरून मूळ पाहा.
- रात्रभर ठसा घ्या. हिरवा आला तर विषारी. हिरवा नाही आला तरी खाण्याचा परवाना नाही.
- त्रास ६ तासांनी सुरू झाला तर अधिक गंभीर समजा. लक्षणे थांबली तरी रुग्णालय सोडू नका.
- थोडीही शंका असेल, तर त्या दिवशी दुसरी भाजी करा.